सतराव्या वर्षी म्हाताऱ्याच्या भूमिका

पत्र: "आम्ही मूळचे नाशिक रोडचे, १८ वर्षं कार्डिफमध्ये आहोत. मुलगा १७ वर्षांचा, वेल्श माध्यमाच्या शाळेत ए-लेव्हलच्या (आपल्या अकरावी-बारावीसारख्या) पहिल्या वर्षाला. उंची साडेपाच फूट, अंगानं भरलेला, आवाज खर्जातला. शाळेच्या प्रत्येक नाटकात त्याच्या वाट्याला म्हातारा, पाद्री नाहीतर खाटीक येतो. नाटकाच्या बाई म्हणतात, हा चरित्र अभिनेता होणार. आता त्याला इंजिनीअरिंग नको, नाट्यशाळेत जायचंय. ह्यांचं म्हणणं, 'हिरोचा चेहरा नाही, त्यात आपला रंग. दुकानदार आणि डॉक्टर सोडून दुसरं काय मिळणार?' मुलगा घरी छान मराठी बोलतो, बाहेर मात्र ते कुणाला कळू देत नाही. यात पोट भरतं का? भरत असेल तर पुढच्या वर्षभरात नेमकं काय करायचं?" (एक आई, कार्डिफ)

ताई, हिरोच्या चेहऱ्याची काळजी आधी बाजूला ठेवा. तुमच्याच भागातल्या तीन नटांची वयं बघा. ह्यू ग्रिफिथ हा अँगलसीतल्या मारियनग्लासचा. विद्यापीठाच्या प्रवेशासाठीच्या इंग्रजीच्या परीक्षेत नापास झाला म्हणून बँकेत कारकून झाला. लंडनच्या राडा या नाट्यशाळेपर्यंत पोचला तोवर महायुद्ध लागलं, आणि सहा वर्षं सैन्यात गेली. त्यातला काळ हिंदुस्थानात आणि ब्रह्मदेशच्या आघाडीवर गेला. १९४६ मध्ये तो रंगभूमीवर परतला. 'बेन-हर'मधल्या शेखच्या भूमिकेसाठी ऑस्कर मिळालं तेव्हा तो ४७ वर्षांचा होता. विंडसर डेव्हिस आधी कोळशाच्या खाणीत होता, मग शिक्षक झाला. पूर्णवेळ नट होईपर्यंत तिशी उलटली होती, आणि घराघरात नाव झालं ते ४३ व्या वर्षी. तिसरा मर्थर टिडव्हिलचा फिलिप मॅडॉक. तुमच्या मुलासाठी सर्वांत कामाचा हाच, म्हणून त्याच्याकडे सावकाश येऊ.

सांगायचं ते इतकंच की नायकाची घाई वेगळी आणि चरित्र अभिनेत्याची वेगळी. न्यायाधीश, फौजदार, वकील, खलनायक, सासरा या भूमिका पस्तिशी-चाळिशीनंतर यायला लागतात. तोवरची पंधरा-अठरा वर्षं तग धरायची कशी, हा खरा प्रश्न आहे. त्यामुळे यजमान पैशांची चिंता करतात ती रास्त आहे. चेहऱ्याची चिंता मात्र तितकी रास्त नाही.

रंगाचं काय, यावर गोड बोलून उपयोग नाही. विंडसर डेव्हिस ज्या मालिकेमुळे गाजला तिचं नाव 'इट एन्ट हाफ हॉट मम'. बीबीसीवर १९७४ ते १९८१ चाललेली ही मालिका सुरुवातीला घडते ती थेट तुमच्या देवळालीत. लेखकांपैकी जिमी पेरी स्वतः देवळालीच्या लष्करी छावणीतल्या करमणूक पथकात होता. (या छावणीच्या नावावरून इंग्रजीत 'डुलॅली' म्हणजे डोकं फिरलेला असा शब्द रूढ झाला. जुना प्रयोग 'डुलॅली टॅप' असा होता, आणि त्यातला टॅप म्हणजे आपला ताप.) डेव्हिस यात खेकसणारा वेल्श सार्जंट-मेजर होता. हिंदी नोकर रंगी राम मात्र मायकेल बेट्स या इंग्रज नटाला चेहरा काळवंडवून करायला लावला होता. बेट्सचा जन्म झाशीचा असला तरी आज ते कुणाला पटत नाही, आणि बीबीसी मालिकेचं पुनःप्रसारण करत नाही. तेव्हा भारतीय भूमिकाही भारतीय नटाला मिळेलच असं नव्हतं. आता ती मिळते, पण बरेचदा तीच एक मिळते, हे यजमानांचं निरीक्षण चूक नाही. म्हणून मुलाकडे दुसरं काहीतरी असायला हवं, ज्यामुळे निवड करणाऱ्याच्या यादीत तो रंगाच्या रकान्याबाहेरही सापडेल. ते त्याच्याकडे आधीच आहे, आणि तेच तो लपवतोय.

आता मॅडॉक. जन्म १९३४. कार्डिफला आणि मग व्हिएन्नाला भाषांचं शिक्षण घेतलं, काही काळ दुभाषा म्हणून काम केलं, नंतर राडात गेला. वेल्श, इंग्रजी आणि जर्मनसह सहा-सात भाषा त्याला येत. १९६० च्या दशकात ब्रिटिश टीव्हीवर युद्धाच्या कथांचं पीक आलं होतं, आणि ज्याचं जर्मन कानाला खरं वाटेल असा नट सतत हवा असे. मॅडॉकला ती दारं भाषेनं उघडून दिली. 'डॉक्टर हू'मधले खलनायक, 'लास्ट ऑफ द मोहिकन्स'च्या बीबीसी मालिकेतला मागुआ, १९८१ मध्ये ब्रिटिश पंतप्रधान लॉइड जॉर्ज, नंतर वेल्श पोलिस अधिकारी नोएल बेन अशी त्याची वाटचाल झाली. रंगभूमीवर शेक्सपिअर होताच, शिवाय रेडिओ आणि ध्वनिपुस्तकं. यातलं एकही काम चेहऱ्याच्या जोरावर मिळालेलं नव्हतं.

त्याचा एक प्रसंग मुलाला बघायला लावा, एकदा आवाज चालू ठेवून आणि एकदा बंद करून. महायुद्धातल्या हौशी गृहरक्षकांवरच्या 'डॅड्स आर्मी' या विनोदी मालिकेचा 'द डेडली अटॅचमेंट' हा १९७३ चा अर्ध्या तासाचा भाग. मॅडॉक पकडला गेलेला जर्मन पाणबुडीचा कप्तान आहे. जो त्याचा अपमान करेल त्याचं नाव तो वहीत टिपून ठेवतो, युद्ध जिंकल्यावर हिशेब चुकता करायला. तरुण पाईक हिटलरवर टवाळ गाणं म्हणतो, कप्तान त्याला नाव विचारतो, आणि पाईकच्या तुकडीचा प्रमुख मेनवेरिंग ओरडतो, "डोन्ट टेल हिम, पाईक!" ब्रिटनमध्ये पन्नास वर्षं लोक या ओळीवर हसतायत. हशा मेनवेरिंगच्या वाक्याला येतो, पण त्याची तयारी मॅडॉकनं केलेली असते. तो वही गंभीरपणे काढतो, आवाज चढवत नाही. आपण विनोदी मालिकेत आहोत हे त्या कप्तानाला ठाऊकच नसतं. त्यानं डोळ्यांतून जराही खट्याळपणा दाखवला असता तर वहीची भीती गेली असती, आणि भीती गेली की पुढचं वाक्य फुसकं पडलं असतं. आवाज बंद करून बघताना मुलानं एवढंच मोजायचं, कप्तान हलतो किती वेळा. शाळेच्या रंगमंचावर खाटीक करणारी मुलं सतत हलत असतात.

म्हाताऱ्याच्या भूमिकांबद्दलही इथंच सांगतो. सतरा वर्षांची मुलं म्हातारपण कमरेत वाकून आणि आवाज थरथरवून करतात. दहा मिनिटांत पाठ दुखते, श्वास अडतो, शेवटच्या रांगेला शब्द पोचत नाहीत. एकच सांधा निवडायचा, समजा उजवा गुडघा. उठण्याआधी दोन्ही हात खुर्चीच्या हातांवर टेकायचे, वजन पुढे घ्यायचं, मग उठायचं. वय उठण्याआधीच्या त्या तयारीत दिसतं. पाठीला काहीच करायचं नाही. आवाज स्वतःचाच ठेवायचा, फक्त वाक्यांच्या मधली जागा वाढवायची.

तरीही नाट्यशाळेच्या ऑडिशनला म्हातारा न्यायचा नाही. ही चूक अशी मुलं हमखास करतात. जे वर्षानुवर्षं जमलंय तेच दाखवावं असं वाटतं आणि किंग लिअर निवडला जातो. परीक्षकांना मात्र तीन वर्षं ज्याला शिकवायचं तो मुलगा बघायचा असतो, आणि दाढीमागे तो दिसत नाही. दोन उतारे लागतात, एक शेक्सपिअर किंवा त्या काळातला, एक आधुनिक. प्रत्येकी दोन मिनिटांची मर्यादा धरली तर दीड मिनिटाचाच बसवा. पद्य असेल तर २० ते २४ ओळी, गद्य असेल तर सव्वादोनशे शब्दांच्या आत. घाबरल्यावर माणूस एकतर पळतो नाहीतर रेंगाळतो, त्यासाठी अर्धं मिनिट हाताशी हवं. जुन्यासाठी 'टू जंटलमेन ऑफ व्हेरोना'तला लॉन्स बघा, आपल्या कुत्र्याबद्दल तक्रार करणारा नोकर. गद्य आहे, वय जुळतं, आणि समोर नसलेला कुत्रा दिसायला लागतो की नाही यावरून परीक्षकांना बरंच कळतं. 'हेन्री पंचम'मधला कॅप्टन फ्लुएलन मात्र टाळा. वेल्श आहे, मोह होईल. पण शेक्सपिअरनं त्याच्या तोंडी 'ब'चा 'प' करून वेल्श बोलीची गंमत केली आहे. कार्डिफमध्ये वेल्श परीक्षकांपुढे ती करून काही साधत नाही. आधुनिक उतारा १६ ते २५ वयाच्या पात्राचा हवा, आणि पूर्ण नाटक वाचलेलं हवं. त्यावर प्रश्न येतात, आणि इंटरनेटवरून नुसता उतारा उचललेला असेल तर ते लगेच उघडं पडतं.

तुमच्या घराजवळच रॉयल वेल्श कॉलेज ऑफ म्युझिक अँड ड्रामा आहे, १९४९ मध्ये कार्डिफच्या किल्ल्यात सुरू झालेलं. अँथनी हॉपकिन्स तिथलाच. अर्ज 'युकास कॉन्झर्व्हटॉयर्स'मधून जातो, नेहमीच्या युकास या विद्यापीठ-प्रवेशाच्या यंत्रणेतून नाही, हा फरक घरच्यांच्या लक्षात उशिरा येतो. अभिनयाच्या अर्जांची मुदत सहसा जानेवारीत असते, त्या वर्षीची तारीख संकेतस्थळावर पाहून ठेवा. एकाच शाळेवर भिस्त नको, चार-पाच ठिकाणी अर्ज करा. आणि पहिल्या वर्षी नकार आला तर तो अंतिम धरू नका, दुसऱ्या-तिसऱ्या खेपेला प्रवेश मिळणारे पुष्कळ असतात. तोवर नॅशनल यूथ थिएटर ऑफ वेल्स आणि उर्द या वेल्श युवक संघटनेच्या आयस्टेडव्हॉड महोत्सवातल्या पाठांतर-स्पर्धा आहेतच. वेल्श शाळेतला मुलगा म्हणजे उर्द त्याला माहीत असणारच.

यजमानांना इंजिनीअरिंग आधी हवं असेल तर एक गोष्ट आत्ताच तपासा. पहिली पदवी घेतल्यावर त्याच पातळीची दुसरी पदवी करायला सरकारी विद्यार्थी कर्ज साधारणपणे मिळत नाही. म्हणजे 'आधी बीई, मग अभिनयाची बीए' हा मार्ग खिशातून करावा लागतो. आधी वेगळ्या विषयाची पदवी आणि नंतर अभिनयाची एमए असा रस्ता आहे, त्याला पदव्युत्तर कर्जाची वेगळी सोय असते. मॅडॉकनंही आधी भाषाच शिकल्या होत्या. आमचं मत विचाराल तर मुलाला आवडत नसलेल्या इंजिनीअरिंगपेक्षा भाषांची पदवी ही तडजोड बरी. पण ती त्यानं स्वतः निवडलेली हवी.

आता लपवलेल्या मराठीकडे येऊ. वेल्समध्ये नटाला वेल्श येणं ही सरळ रोजगाराची बाब आहे. एस-फोर-सी ही वेल्श भाषेची वाहिनी १९८२ पासून आहे. 'पोबोल अ कुम' ही वेल्श मालिका १९७४ पासून चालू आहे आणि ती कार्डिफमध्येच तयार होते. तिला गावातली सगळी माणसं लागतात, म्हणजे चरित्र अभिनेतेच लागतात. कार्मार्थनला वेल्श भाषेची राष्ट्रीय नाट्यसंस्था आहे. इंग्रजी रंगभूमीची बाजू अलीकडे डळमळली, नॅशनल थिएटर वेल्सचं अनुदान थांबलं आणि ती संस्था बंद झाली. मग वेल्श नट मायकेल शीननं २०२५ मध्ये नवीन संस्था उभारायला घेतली. अशा वेळी दोन्ही भाषांत उभं राहता येणाऱ्याला कामाच्या दुप्पट जागा मिळतात.

शिवाय वेल्समध्ये एक खास पद्धत आहे. मॅडॉकची नोएल बेनची मालिका इंग्रजीत 'अ माइंड टू किल' आणि वेल्शमध्ये 'अर हेल्युर' अशी दोन्ही भाषांत चित्रित झाली. नंतर 'हिंटरलँड' तशीच झाली. आधी प्रसंग एका भाषेत घ्यायचा, मग तोच, त्याच कपड्यांत, त्याच दिव्यांत दुसऱ्या भाषेत. वाटतं तितकं हे सोपं नाही. वेल्शमध्ये क्रियापद वाक्याच्या सुरुवातीला येतं, इंग्रजीत मध्ये, मराठीत शेवटी. चहाचा कप 'गेला' या शब्दावर खाली ठेवायचा असेल तर वेल्शमध्ये हात वाक्याच्या तोंडालाच हलतो. इंग्रजीची सवय तशीच ठेवली तर शब्द आणि हात एकमेकांपासून सुटतात, आणि संकलकाच्या टेबलावर ते दिसतं. दुसरी अडचण लयीची. एका भाषेत विराम जिथं नैसर्गिक असतो तिथं दुसरीत वाक्य अर्धंच झालेलं असतं.

याचा सराव तुमचा मुलगा घरीच करू शकतो, आणि त्याच्या वयाच्या फार थोड्या मुलांना तो करता येतो. दोन माणसांचा बारा ओळींचा प्रसंग त्यानं स्वतः लिहावा. एक वस्तू हातात हवी, चहाचा कप किंवा किल्ली. प्रसंग इंग्रजीत, वेल्शमध्ये आणि मराठीत बसवायचा. भाषांतर शब्दाला शब्द नको, त्या भाषेत माणूस जसं बोलेल तसं हवं. मग तिन्ही संहितांवर पेन्सिलनं खूण करायची, वस्तू कोणत्या शब्दावर हलते, नजर कोणत्या शब्दावर उचलली जाते. आठवड्यातून दोनदा, प्रत्येक वेळी अर्धा तास, तीन महिने. पहिले पंधरा दिवस मराठीतला प्रसंग सर्वांत चांगला होईल, कारण तिथं तो 'अभिनय' करत नसतो. हे त्याला स्वतःच्या डोळ्यांनी दिसलं की लपवणं आपोआप कमी होईल.

उच्चारांच्या बाबतीत एक पथ्य. कार्डिफचा स्वतःचा बाज घालवायचा नाही. त्याच्या जोडीला प्रमाण इंग्रजी आणि उत्तर वेल्सचा बाज, एवढं पुरे. घरातल्या आजोबांच्या इंग्रजीची नक्कल करून 'भारतीय बाज' ऑडिशनला न्यायचा नाही. कुणी मागितलाच तर प्रदेश विचारायचा. नाशिकच्या माणसाचं इंग्रजी वेगळं आणि लुधियान्याच्या माणसाचं वेगळं, हे विचारणारा नट गंभीर वाटतो. खर्जातल्या आवाजाची मुलं घशातून ओरडतात, तेही थांबवा. विंडसर डेव्हिसचं खेकसणं पोटातून यायचं. घशातून तसं करायला गेलं तर आवाज बसतो, आणि वारंवार बसला तर स्वरतंतूंवर गाठी येतात. दोन आठवड्यांहून जास्त घोगरेपणा राहिला तर डॉक्टरांना दाखवा.

पैशांचं थोडक्यात. ब्रिटनमध्ये नट बहुधा स्वयंरोजगारित धरला जातो. कामाचे किमान दर इक्विटी या संघटनेच्या करारांत ठरलेले असतात, विद्यार्थ्यांना सदस्यत्व घेता येतं. 'स्पॉटलाइट' ही १९२७ पासूनची नटांची सूची, आणि निवड करणारे तिथंच शोधतात. एजंट १० ते १५ टक्के आणि वर व्हॅट घेतो, तोही काम मिळाल्यावर. जो नोंदणीचे किंवा फोटोचे पैसे आधी मागतो त्याच्याकडून उठून यायचं. वर्षाचं असं एकूण उत्पन्न १,००० पौंडांवर गेलं की त्या करवर्षानंतरच्या ५ ऑक्टोबरपर्यंत करखात्याकडे नोंदणी, आणि ३१ जानेवारीपर्यंत विवरण व कर. फटका बसतो तो पहिल्या चांगल्या वर्षी. कर १,००० पौंडांच्या वर गेला तर पुढच्या वर्षाच्या कराचा निम्मा भाग त्याच जानेवारीत आगाऊ मागतात, म्हणजे दीडपट रक्कम एकदम. पैसे तर केव्हाच खर्च झालेले असतात. म्हणून प्रत्येक मानधनातला किमान चौथा हिस्सा आल्या दिवशीच वेगळ्या खात्यात टाकायचा. बाकी काळात पोट भरायला दुसरं कौशल्य हवंच. दोन-तीन भाषा येणाऱ्याला दुभाष्याचं, भाषांतराचं, आवाज देण्याचं काम तासांच्या हिशेबानं मिळतं, आणि ऑडिशनसाठी ते सोडून जाता येतं. कायमच्या नोकरीत ते जमत नाही.

राहिला घरून पाठवायचा व्हिडिओ, सेल्फ-टेप. हल्ली पहिली फेरी बहुधा अशीच होते. फोन आडवा, मागचा कॅमेरा, डोळ्यांच्या उंचीवर, मुलापासून दीड-दोन मीटर लांब. जवळ ठेवला तर नाक मोठं आणि चेहरा फुगीर दिसतो, भरलेल्या अंगाच्या मुलाला ते जास्तच जाचतं. चौकट छातीपासून डोक्याच्या जरा वरपर्यंत. मागे साधी राखाडी किंवा निळसर भिंत, तिच्यापासून किमान एक मीटर पुढे उभं राहायचं, नाहीतर सावली पडते. खिडकी समोर हवी, पाठीमागे नको. त्वचा सावळी असेल तर फोन स्वतःहून प्रकाश वरखाली करत राहतो, म्हणून स्क्रीनवरच्या चेहऱ्यावर बोट दाबून प्रकाश आणि फोकस कुलूपबंद करायचा. पांढरा सदरा नको. खोली घुमत असेल तर कॅमेऱ्यामागे रजई टांगा.

समोरची वाक्यं वाचायला बहुतेक वेळा तुम्हीच असाल. लेन्सच्या अगदी शेजारी उभं राहा, म्हणजे त्याची नजर कॅमेऱ्याच्या जवळ राहील. तुम्ही फोनच्या जवळ असल्यानं तुमचा आवाज त्याच्यापेक्षा मोठा येईल, म्हणून अर्ध्या आवाजात वाचा. वाक्यं स्पष्ट आणि वेळेवर म्हणा, पण अभिनय करू नका, आणि तो चुकला तरी "असू दे रे" म्हणू नका. ते रेकॉर्ड होतं.